रेघेआतलं पाणी

सांगलीच्या हळदपेठेतून नदीकडे उतरताना उजव्या हाताला एक मोठं आवार लागतं. निवडुंगाचं कुंपण जागोजाग मोडलेलं, पूर्वेला मातीचा लांबट बांध, कोपऱ्यात एक जुनी चिंच, आणि मधल्या जागेत ढासळत चाललेले खड्डे. नवखा माणूस विचारतो, "इथं काय होतं?" लोक सांगतात, "पेवं होती, हळदीची." "आणि त्याआधी?" "त्याआधी काय, शेठचं फुटबॉलचं मैदान." बोलणं तिथंच संपतं. मौलाचाचांचं नाव कुणी घेत नाही. ते घेतलं जावं म्हणून हे लिहितो आहे. आणि ते घेतलं जात नाही याला जी माणसं कारण आहेत त्यांत पहिला मी आहे, हेही सुरुवातीलाच सांगून टाकतो.

आमची ओळख ओरडण्यानं झाली. मी रहिमतपूरचा, कॉलेजसाठी सांगलीत आलेला. मैदानातून आडवं गेलं की माझ्या खोलीची वाट निम्मी होई. म्हणून एका सकाळी फाटकातून शिरलो आणि चपला फटकारत सरळ निघालो.

"ए गड्या! रेघ दिसत न्हाई व्हय?"

गुडघ्यापर्यंत विजार दुमडलेला, पाठीत जरा वाकलेला एक माणूस रेघेबाहेर उभा होता. हाताची बोटं पाण्यात राहून राहून पांढुरकी पडलेली. शेजारी हेला, म्हणजे पाणी वाहणारा रेडा, त्याच्या पाठीवर दोन्ही अंगांना लोंबणारी पाण्याची कातडी पखाल.

"मैदान तर मोकळं आहे," मी म्हणालो.

"मोकळं हाय म्हनून काय झालं? तुजं घर मोकळं असलं तर मी चुलीवरनं जाऊ?"

मला फाटकापर्यंत परत यावं लागलं आणि सगळ्या कडेनं फिरून जावं लागलं. मी जाईपर्यंत तो माणूस हलला नाही. तेच मौलाचाचा.

ते स्वतःही मैदान कधी ओलांडत नसत. पाणी, रूळ आणि खुरपं, या तिन्हींपैकी एक बरोबर असेल तरच रेघेच्या आत पाऊल. मोकळ्या हातानं त्यांना पलीकडे जायचं असलं तर ते सबंध बाजू चालत, कोपऱ्यावरच्या निशाणापाशी काटकोनात वळत, मग दुसरी बाजू. कडक उन्हात, सामना नसताना, बघायला चिटपाखरू नसतानाही. मी एकदा विचारलं, "चाचा, आत्ता कोण बघतंय?" ते म्हणाले, "मी बगतोय की."

मैदान दादाशेठनी बांधलं. दादाशेठ पेठेतले हळदीचे मोठे अडते. एकदा कामासाठी कोल्हापूरला गेले, तिथं तालमीच्या पोरांचा फुटबॉलचा सामना पाहिला आणि आले ते खुळावून आले. नदीकाठची स्वतःची पडीक जागा त्यांनी सपाट करून घेतली. कोल्हापूर, मिरज, बेळगाव इथून खेळाडू गोळा केले आणि त्यांना पगारावर ठेवलं. कागदावर कुणी तोलाईवाला, कुणी दिवाणजी. खरं काम एकच, चेंडू लाथाडणं. पश्चिमेला पत्र्याचं छप्पर असलेल्या लाकडी पायऱ्या, त्यात पुढच्या रांगेत शेठच्या पाहुण्यांना वेताच्या खुर्च्या. पूर्वेला मातीचा बांध, तिथं एक आण्याची जनता. चिंचेवर फुकटे. पायऱ्यांमागे खेळाडूंची खोली, तिच्यापुढे अंघोळीला दगडी हौद. फाटकाशी तिकिटाची खिडकी, इतकी बुटकी की तिकीट घेणाऱ्याला वाकून नमस्कार घालावा लागे. शेठ म्हणत, मुद्दामच तशी केली आहे.

मैदानात विहीर होती, पण तिचं पाणी मचूळ. त्या पाण्यावर हरळीचं गवत धरेना. मौलाचाचा तेव्हा पेठेतल्या घरांना नदीचं पाणी भरायचे. नळ आले तसं ते काम आटत चाललं होतं. शेठनी त्यांना बोलावलं. चाचांनी नदीच्या थडीवरून हरळीच्या काड्या आणल्या, सबंध मैदानभर एकेक काडी हातानं खोचली, आणि मग रोज सकाळ-संध्याकाळ कृष्णेचं पाणी. रेघ म्हणजे फक्कीची पांढरी पट्टी. तिच्या आत पाणी, बाहेर थेंब नाही. पखालीचं तोंड अंगठ्यानं असं दाबत की धार रेघेवर येऊन थांबायची. बाहेरची जमीन भेगाळलेली, आतली हिरवीगार, आणि दोन्हींच्या मध्ये सुरीनं कापल्यासारखी कड. लांबलांबून आलेले खेळाडू आधी ती कड बघत.

सामना चालू असताना सगळं मैदान चेंडूमागे मान फिरवी. चाचा मात्र खालीच बघत. एकदा लोक उठून आरडाओरडा करू लागले आणि मी हर्षानं चाचांना विचारलं, "चाचा, बघितला का गोल?" तर म्हणाले, "झाला आसंल. तितं डाव्या अंगाला त्या मिरजेवाल्यानं टाच हानून पाक भोसका पाडलाय." सामना संपून माणसं फाटकाबाहेर पडली की ते पाटीत हरळी घेऊन आत जात आणि उखडलेल्या एकेक जागी काडी बसवून टाचेनं दाबत. चेंडू त्यांच्याकडे घरंगळत आला तर लाथ न मारता दोन्ही हातांनी उचलून आणून देत. पोरं हसत. "चाचा, मारा की एक!" "माजी लाथ भुईला ठावी न्हाई," ते म्हणत, "उगं बिचकंल."

एका जागेपुढे मात्र त्यांनी हात टेकले होते. नदीकडच्या गोलात बेळगावचा बसाप्पा उभा राही. उंच, कानडी हेल काढून बोलणारा, आणि एका जागी स्वस्थ न उभा राहणारा गोलकीपर. त्याच्या पायांनी गोलापुढे टक्कल पडलं होतं. चाचा काड्या लावत, बसाप्पा तुडवी. "बसाप्पा, बैलासारखा नाचू नगंस रं." "मग बॉल तुम्ही अडवा हो चाचा, मी गवताला पाणी घालतो." दोघांचं हे भांडण रोजचं. पुढे लढाई आली. चेंडूचं कातडं, ब्लॅडर मिळेनासं झालं. खेळाडू एकेक करून पलटणीत गेले. त्यांत बसाप्पा गेला. तो परतला नाही.

बातमी आल्यावर काही महिन्यांनी मी मैदानावर गेलो तेव्हा चाचा मला कडेकडेनं त्या गोलाकडे घेऊन गेले. "बगा," म्हणाले. गोलापुढे दाट, एकसारखी हरळी आली होती. मी चांगलं झालं म्हणणार होतो, पण त्यांचा चेहरा घरात काही विपरीत घडलेल्या माणसाचा होता.

"लय वर्सं धरत नव्हती," ते म्हणाले. "आता बगा कशी आली रांडंची."

पण बेचाळीस त्याच्या आधीचं. ते सांगायला हवं.

मी पत्रकांवर वाढलेला माणूस. घरात पोथ्या होत्या, पण मी अक्षर शिकलो ते वडलांच्या गादीखालच्या, बंदी घातलेल्या पुस्तिकांवर. ऑगस्टनंतर साताऱ्याकडून चक्रमुद्रित बुलेटिनांचे गठ्ठे सांगलीत येत आणि ते वाटेपर्यंत ठेवायला जागा लागे. माझ्या खोलीची झडती दोनदा झाली होती. मी चाचांकडे गेलो.

"कशाचे कागूद?"

"सरकारविरुद्धचे."

"वाचून दाव."

हौदाच्या कडेला बसून मी वाचलं. ते हेल्याला चोळत ऐकत होते. संपल्यावर म्हणाले, "लय आरडून लिवलंय. पर खोटं न्हाई." आणि गठ्ठे घेतले.

चौथ्या दिवशी भर दुपारी फौजदार चार शिपायांसह फाटकात आला. मी खेळाडूंच्या खोलीत होतो. फौजदार सरळ मैदानातून निघाला तसे चाचा रेघेवर आडवे आले.

"सायेब, कडंनं."

"काय?"

"कडंनं जावा. आत बूट घालून जायाचं न्हाई. दिवाणसायेब आलं तवा त्येबी कडंनंच गेल्यात. शेठला इचारा."

संस्थानचे दिवाणसाहेब खरंच कडेनं गेले होते, ते साऱ्या गावाला माहीत होतं. फौजदारानं शिवी दिली, पण वळला. फाटक एका टोकाला, खोली दुसऱ्या टोकाला. पाच बूटवाल्यांची रांग बांधाखालून, चिंचेखालून फिरत फिरत येत होती आणि चाचा पुढे होऊन "हितनं सायेब, निशाणापास्नं वळा सायेब," असं करत होते. मी मागच्या भिंतीवरून उडी टाकून नदीत उतरून गेलो.

झडतीत काही सापडलं नाही. कागद पखालीत होते. त्यासाठी चाचांनी पखाल पुरती रिकामी करून, उलटी टांगून, उन्हात वाळवली होती. पंधरा दिवस ती तशीच कोरडी खुंटीवर होती आणि ते खांद्यावर कावड घेऊन दोन डब्यांनी मैदानाला पाणी घालत होते. मी कागद न्यायला आलो, पखालीच्या तोंडात हात घातला, तेव्हा कातडं करकरलं. बाहेर काढेपर्यंत तीन जागी तडकलं.

"काय झालं, चाचा?"

"वाळली," ते म्हणाले. "पखाल वाळली की मेली. कातडं ओलं हाय तवर जित्तं."

"मग तुम्ही आधी का नाही सांगितलं?"

"सांगून? कागूद पान्यात ठिवला असतास?"

पखाल मरू देणं ही पखाल्यांच्या जमातीत कसली नामुष्की आहे ते मला पुढे कळलं. तान्हं उपाशी ठेवून मारलं म्हणावं तशी. जातभाईंनी विचारलं, कशी वाळली? खरं सांगायची सोय नव्हती. चाचा म्हणाले, ईसरलो. तेव्हापासून त्यांना पाठीमागे आणि तोंडावरही एक नाव पडलं, पखालमाऱ्या मौला. लग्नात, उरुसात, पाणवठ्यावर. शेठनी त्यांना दुसरी पखाल घेऊन दिली. नाव काही बदलून मिळालं नाही. चाचांनी ते चार-सहा वर्षं ऐकून घेतलं. खरी गोष्ट ठाऊक असलेले आम्ही दोघेच होतो.

पुढे दादाशेठ वारले. क्लब मोडला. लाकडी पायऱ्यांच्या फळ्या कुणी कुणी नेल्या, वेताच्या खुर्च्या शेठच्या थोरल्या मुलानं घरी नेल्या. तीन वर्षं मैदानावर एकही सामना झाला नाही. चाचा खेळाडूंच्या खोलीत राहायला आले आणि पाणी घालत राहिले. गुळाच्या अड्ड्यावर हमाली करायची, पोटाला मिळवायचं, आणि सकाळ-संध्याकाळ हेल्यावरून पाणी. फक्की मिळेना तेव्हा चुलीतली राख चाळून ते रेघा मारू लागले. मी म्हटलं, "आता कुणासाठी?"

"भुईला काय ठावं सामना न्हाई त्ये? तिला तान लागायची ती लागतीच."

स्वातंत्र्य आलं. आम्हाला वाटलं, आता सगळं झटक्यात सरळ करायचं. आसपासच्या हळदवाल्या शेतकऱ्यांनी संघ काढला. त्यांचं म्हणणं खरं होतं आणि आजही खरं आहे. हळद ठेवायला पेव लागतं. पेव म्हणजे जमिनीतला खोल, घागरीच्या आकाराचा खड्डा. आत पाला घालून हळद भरतात, तोंड मातीनं लिंपतात, आणि कोरड्या मातीत ती वर्षानुवर्षं टिकते. पेवं होती सारी अडत्यांची. शेतकऱ्याला पेव नाही म्हणून सुगीत पडेल त्या भावानं विकायचं. संघाला स्वतःची पेवं हवी होती. पेठेजवळ एवढी मोठी मोकळी जागा एकच होती. शेठचा मुलगा ती द्यायला तयार झाला. लोकमत तयार व्हायला हवं होतं. तात्या म्हणून संघाचे पुढारी होते, सरळ आणि कष्टाळू माणूस. ते माझ्याकडे आले. मी एका बैठकीत पत्रक लिहिलं.

ते माझं सर्वांत गाजलेलं पत्रक. धनिकाच्या चैनीची हिरवळ, गावाच्या नळाचं पाणी गवताच्या घशात, माणसाच्या पोटापेक्षा चेंडूचा मान मोठा. असं सगळं त्यात होतं.

दोन दिवसांनी चाचा ते पत्रक घडी घालून घेऊन माझ्या दारात आले. "वाचून दाव," म्हणाले. मी थांबलो नाही, अडखळलो नाही. मला माझ्या शब्दांची लाज नव्हती. सगळं वाचलं. ते उंबऱ्यावर बसून ऐकत होते.

"आरडणं तेच हाय," ते म्हणाले. "पर ह्यात खोटं हाय. नळाचं पानी मी कवा घातलं? एक घागर बी न्हाई. नदीचं घातलं, माज्या पायानं आनून."

"छापून झालंय, चाचा."

"व्हय. झालंय खरं." मग म्हणाले, "दुखणं हेल्याला आन् डाग पखालीला. शेतकऱ्याची हळद अडत्याच्या पेवात आडाकती, हे दुखणं. डाग माज्या भुईला."

आणि मग ते खालच्या आवाजात, जवळ सरकून म्हणाले, "रहिमतपूरकर, माजं ऱ्हाऊ दे. तितं हळद टिकायची न्हाई. ती भुई आतनं ओली हाय."

मला वाटलं, म्हातारा आता वाटेल ते कारण काढतो आहे.

सभा मैदानावरच भरली. माणसं हरळीवर मांडी घालून बसली. इतके लोक रेघेच्या आत मी पहिल्यांदाच पाहिले. आम्ही बोलणारे बांधावर. तात्यांनी सांगितलं की जमीन तपासली आहे, फाटकाजवळ खड्डा घेऊन पाहिला, माती तळापर्यंत ठणठणीत कोरडी निघाली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. तेव्हा चाचा उभे राहिले. ते आत बसले नव्हते. राखेच्या रेघेबाहेर, निशाणाच्या जागी होते.

"तात्या, त्यो खड्डा रेघंभायेर हाय," ते म्हणाले. "रेघंच्या आत मी दहा-बारा वर्सं पानी घातलंय. रोज. ही भुई कोरडी न्हाई. हळद कुजंल."

"वरचा हातभर ओल असंल, चाचा," तात्या म्हणाले. "उन्हाळ्यात सुकंल."

"न्हाई सुकायची. मला ठावं हाय किती पेली ती."

गर्दीतून एकजण ओरडला, "आवं चाचा, गवत राखायचंय म्हना की सरळ!"

हशा झाला. मग पलीकडून, पाणवठ्यावरचा कुणीतरी, "ह्येला पान्याचं काय इचारताय! ह्येनं सोताची पखाल वाळवून मारली! पखालमाऱ्या!"

आता हशा मोठा झाला. माणसं मांड्यांवर थापा मारून हसत होती.

चाचांनी माझ्याकडे पाहिलं. एकदाच. ते विनवणं नव्हतं. एखाद्यानं आपली ठेव ज्याच्याकडे आहे त्याच्याकडे नुसतं बघावं तसं. सरकार गेलं होतं, फौजदार बदलला होता, आता कुणाला भय नव्हतं. एक वाक्य पुरलं असतं: पखाल वाळली ती आमच्या कागदांसाठी. त्या वाक्यानं त्यांचं नाव धुऊन निघालं असतं आणि पाण्याविषयीचं त्यांचं म्हणणं लोकांनी निदान ऐकलं असतं. पण सभा जिंकत आली होती. ते वाक्य माझ्या बाजूचं नव्हतं. मी दुसरंच बोललो.

"चाचा, मी एकच विचारतो. हे मैदान राहावं असं तुम्हाला वाटतं की नाही?"

 ते नाही म्हणाले असते तर लोकांना विचार करावा लागला असता.

"वाटतं की," ते म्हणाले. "का न्हाई वाटायचं?"

"मग माझं बोलणं झालं," मी म्हणालो, आणि टाळ्या पडल्या. मी त्या घेतल्या.

ठराव झाला. खणायच्या दिवशी सकाळी चाचा तात्यांकडे गेले आणि म्हणाले, "निदान आदी भायेरची जागा भरा. चिंचंकडं, फाटकाकडं. मावतील तितकी तितं घ्या." तात्या भला माणूस, त्यांनी ऐकलं. चार पेवं रेघेबाहेर बसली. जागा संपली. बाकीची आत घेतली. आतल्या मातीत कुदळ सहज जात होती. खणणारे खूश होते. चाचा दिवसभर चिंचेखाली बसून होते. संध्याकाळी हेला विकायला घेऊन गेले.

वर्षानं पेवं उघडली. संघाच्या यशावर लेख लिहायला मला बोलावलं होतं. सकाळपासून गाड्या लागल्या होत्या. गावोगावची माणसं, बायका आपापली हळद बघायला आलेल्या. फाटकाजवळचं पेव आधी फोडलं. वाफ जाऊ दिली, माणूस उतरला, पहिली पाटी वर आली. पिवळी धमक. लोकांनी गुलाल उधळावा तसे हात उडवले. चिंचेजवळची तीनही तशीच. मग आतलं पहिलं फोडलं आणि तोंडाशी बसलेला माणूस नाक धरून मागं सरला.

दुसरं. तिसरं. दुपारपर्यंत सगळी उघडून झाली होती. नदीपलीकडच्या एका गावची बाई पाटीतलं एक कांड हातात घेऊन बसली होती. चांगली हळद मोडली की टणकन वाजते. तिनं ते कांड दाबलं, ते बोटांत काळं होऊन पसरलं.

"ही माजी न्हवं," ती म्हणत होती. "माजी हळद हाडावानी वाजायची. बगा की, ही माजी न्हवं."

 मी बांधावर चढलो. तिथून सगळं आवार दिसत होतं. रेघा केव्हाच गेल्या होत्या. राख नाही, फक्की नाही, हरळी नाही. पण बाहेर चार पिवळे ढीग आणि आत सगळे काळे, आणि त्यांच्यामधून एक कड सरळ जाऊन निशाणाच्या जागी काटकोनात वळत होती. पखालीचं तोंड अंगठ्यानं दाबून एका माणसानं ती धरली होती. आमच्यापैकी त्या भुईला ओळखणारा तो एकटाच होता, आणि त्याला आम्ही पाण्यातलं काही कळत नाही म्हणून हसलो होतो.

मी खाली उतरून खेळाडूंच्या खोलीकडे गेलो. चाचा गाठोडं बांधत होते. रहिमतपुरात त्यांची लेक दिली होती, तिच्याकडे निघाले होते. माझ्याच गावाला. मला ते ठाऊकही नव्हतं. मी कधी विचारलं नव्हतं.

"किती निघाली चांगली?" त्यांनी विचारलं.

"चार."

"रेघंभायेरची."

"हो."

 त्यांच्या चेहऱ्यावर जिंकल्याची खूण शोधली असती तरी सापडली नसती. बाहेर त्या बाईचा आवाज अजून येत होता, आणि ते तिकडे कान देऊन होते.

"लोकांची हळद गेली रं," ते म्हणाले.

मी म्हणालो, "चाचा, पखालीचं मी सभेत सांगायला हवं होतं."

मला वाटतं, त्यांनी म्हणावं अशी माझी अपेक्षा होती: जाऊ दे, झालं गेलं. मोठी माणसं असं म्हणतात आणि आपण हलके होऊन घरी जातो.

"व्हय," ते म्हणाले. "सांगाय पायजे हुतं."

त्यांनी खुंटीवरची ती जुनी, तडकलेली पखाल काढली. इतकी वर्षं टाकली नव्हती. घडी घालताना ती करकरली. ती काखेत मारली, गाठोडं डोक्यावर घेतलं आणि बाहेर पडले.

खोलीच्या दारातून फाटक समोर तिरकं दिसत होतं. माणसं, गाड्या, ढीग यांच्यामधून वाट होती; सगळे तिथूनच ये-जा करत होते. चाचा तिकडे वळले नाहीत. मोडक्या पायऱ्यांच्या कडेनं ते सरळ गेले, काही नसलेल्या जागी थांबून काटकोनात वळले, बांधाच्या दिशेनं निघाले. तिथं खणलेल्या मातीत हरळीचा एक तुरा मुळासकट उपटून पडला होता, अर्धा वाळलेला. ते थांबले. गाठोडं एका हातानं सावरून खाली वाकले, तो उचलला, रेघेच्या जागेपासून पाऊलभर आत टाकला आणि टाचेनं दाबला.

मग तिथंच जरा वेळ उभे राहिले. पाणी घालायला त्यांच्याजवळ काही नव्हतं.